जैतूनफुप्पीची खांडी

कन्नडहून पिशोरमार्गे सिल्लोडला जाणारा रस्ता बघायला म्हणून कुणी जात नाही. आमच्याकडे येणारे पाहुणे वेरूळ बघतात, अजिंठा बघतात, आणि एकीकडून दुसरीकडे जायला पुन्हा शहरात येतात. मधून जाणारा हा राज्यमार्ग मक्याचा, अद्रकीचा, कपाशीचा आणि उसाच्या ट्रॅक्टरांचा. गेल्या हिवाळ्यात मी तो मुद्दाम बघून आले. सोबत जैतूनफुप्पी होती. फुप्पी म्हणजे वडिलांची बहीण. माझ्या वडिलांची ही सगळ्यांत धाकटी.

फुप्पी राहते वैजापूरकडं. मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी ती माझ्याकडे, शहराला लागून असलेल्या पडेगावला, आली होती. दोन्ही डोळे झाले, पट्ट्या निघाल्या, आणि पहिल्याच सकाळी तिनं माझ्या स्वयंपाकघराच्या भिंतींवरून नजर फिरवली.

“रेहाना, तुझं घर इतकं मळकं हाय, हे मला कुणी सांगितलंच नाय.”

ती माझ्याशी दखनीत बोलते. इथं मी तिचं बोलणं मराठीत लिहिते आहे. जन्मभर शाळेत मराठी शिकवलं, तेवढं जमतं. काही शब्द मात्र तसेच ठेवलेत, कारण बदलले की ती फुप्पी राहत नाही.

डॉक्टरांनी प्रवासाला परवानगी दिल्यावर मी तिला विचारलं, “आता डोळे आलेत, तर काय बघायचंय? खुलताबादचा दर्गा? मकबरा?”

“पिशोरची खांडी,” ती म्हणाली.

खांडी म्हणजे डोंगरातली खाच, जिथून रस्ता पलीकडे उतरतो. फुप्पीचं माहेर, म्हणजे आमचं मूळ गाव, या खांडीच्या अलीकडं, कन्नडच्या बाजूला. बहात्तरच्या दुष्काळात ती कोवळी पोरगी असताना याच खांडीच्या रस्त्यावर खडी फोडायला आणि वाहायला गेली. पण काम संपण्याआधीच तिचा निकाह झाला आणि ती वैजापूरला गेली. रस्ता झाला, बस सुरू झाली, डांबर पडलं, हे सगळं तिनं ऐकलं. त्या रस्त्यानं पलीकडं मात्र ती कधीच उतरली नाही. माहेरी यायची ती कन्नडच्या बाजूनं, आणि तिकडूनच परत जायची.

माझा मुलगा साजिद म्हणाला, “अम्मी, ड्रायव्हर करू या.”

त्याला कारण होतं. मी गाडी शिकले ती निवृत्तीनंतर. जुनी, छोटी, पांढरी गाडी घेतली. ती पडेगावच्या बाजारापर्यंत नेते आणि आणते. एकदा शहरात, औरंगपुऱ्यात नेली होती. तिथल्या गर्दीत अशी अडकले की शेवटी एका भांडीवाल्यानं बाहेर काढून दिली. आणि चढावर थांबलेली गाडी पुन्हा उचलणं मला जमत नाही. ड्रायव्हिंग शिकवणाऱ्यानं शेवटी कंटाळून सांगितलं होतं, “मॅडम, तुम्ही चढावर थांबूच नका.”

फुप्पीनं साजिदला एका वाक्यात गप्प केलं. “भाड्याचा माणूस आपल्याला पाहिजे तिथं थांबत नसतो, बेटा.”

पडेगाव ते कन्नड

सकाळी निघालो. डब्यात रोट्या आणि वांग्याचं भरीत, थर्मासमध्ये चहा. फुप्पी पुढच्या सीटवर हिरवा चष्मा लावून अशी बसली होती, जणू गाडी तीच चालवते आहे. वाटेत ती सगळं वाचत होती. ती फार शिकलेली नाही, पण पाट्या वाचते. इतके दिवस धूसर दिसणारी अक्षरं आता उघडी पडली होती. पंक्चरवाला, रसवंती, प्लॉट विकणे आहे, सगळं मोठ्यानं वाचून झालं.

दौलताबादला रस्ता किल्ल्याच्या जुन्या दरवाजातून जातो. एका वेळी एकच मोठी गाडी मावते. मी आत शिरले आणि समोरून बस आली. दोघांच्या मागं गाड्यांची रांग. बसचा ड्रायव्हर हात हलवून मला मागं जायला सांगत होता. मी मागं गेले, पण सरळ नाही. उजवा आरसा दगडी भिंतीला घासला आणि दुमडून काचेला चिकटला.

“फुटला?” फुप्पीनं विचारलं.

“नाही. खरचटला.”

“भिंतीला काय झालं का बघ. बादशाची हाय.”

दरवाजाबाहेर पेरूवाल्या बसल्या होत्या. सगळं बघून त्या हसत होत्या. हसल्याबद्दल त्यांच्याकडूनच पेरू घ्यायचे असं फुप्पीनं ठरवलं, आणि एकीनं खरंच दोन जास्त टाकले. आरसा मी हातानं सरळ केला. पुढचा खुलताबादचा घाट मोकळा मिळाला, कुठं थांबावं लागलं नाही. वेरूळ मागं टाकलं आणि चहाच्या वेळेला कन्नडला पोचलो.

कन्नडच्या पुढं

कन्नडमध्ये मोठा महामार्ग सोडला आणि लगेच हवा बदलल्यासारखी वाटली. ट्रकांचे हॉर्न मागं राहिले. दोन्ही बाजूंना कपाशी, मधे अद्रकीचे हिरवेगार गादीवाफे, बांधावर बोरी. काही ठिकाणी रस्ता नवा आणि रुंद, गुळगुळीत. काही ठिकाणी कामच चाललेलं, तिथं गाडी मातीतून काढावी लागते.

या रस्त्याचा इतिहास निघण्याआधी मी शोधून बघितला होता. कागदावर त्याला एक क्रमांक आहे, दोन टोकांची नावं आहेत, आणि बाकी काही नाही. म्हणून जे लिहिते ते फुप्पीनं गाडीत सांगितलेलं.

आधी इथं गाडीवाट होती. पिशोरच्या बाजाराला जाणाऱ्या बैलगाड्या खांडीच्या पायथ्याशी थांबायच्या. दोन गाड्यांचे बैल एकीला जुंपायचे, ती वर चढवायची, बैल सोडून खाली आणायचे, मग दुसरी. पावसाळ्यात तेही नाही. बाळंतपणात अडलेल्या बाईला बाजेवर घालून खांद्यावरून न्यायचे. मग तो दुष्काळ आला. विहिरी आटल्या, जनावरं गेली, आणि सरकारनं कामं काढली. आमच्या भागातले कितीतरी रस्ते आणि तलाव त्याच वर्षांतले आहेत. पुरुषांनी सुरुंगाची भोकं पाडायची, बायापोरींनी खडी फोडायची आणि पाट्या वाहायच्या.

“बोटाला चिंध्या बांधायच्या,” फुप्पी म्हणाली. “हातोडी दगडावर कमी आन बोटावर जास्त बसायची. दुपारी सरकारी सुकडी मिळायची, भाजलेल्या पिठाची. गोड. ती खायला मी कामावर जायचे, खोटं कशाला बोलू.”

“दादांनी जाऊ दिलं?” दादा म्हणजे माझे आजोबा, तिचे वडील.

“घरात दाना नव्हता. तुझ्या दादानं तोंड फिरवून घेतलं आन म्हणाला, जा. पहिल्या दिवशी अम्मीनं मला बुरखा घालून पाठवलं. पाटी डोक्यावर घेतली की बुरखा डोळ्यावर. मुकादम म्हणाला, पोरी, दरीत जाशील. मंग पदर घेतला, सगळ्या बायांसारखा.”

असं बोलत चाललो होतो आणि एका वळणानंतर अर्धा रस्ता पिवळा झाला. पुढं दूरपर्यंत मका वाळत घातलेला. कडेनं दगड मांडलेले. मका राखणारी बाई फडं घेऊन दाणे सारखे करत होती. मी थांबले, कारण समोरून टेम्पो येत होता आणि माझ्या बाजूला मका होता.

फुप्पी काच खाली करून कडाडली, “अगे बाई, आम्ही हा रस्ता केला तो काय मका वाळवायला?”

ती बाई कमरेवर हात ठेवून जवळ आली. “तुमी केला? तुमी काय इंजिनेर हाव का?”

“खडी फोडली म्या! बहात्तरला.”

बाईचा चेहरा एकदम बदलला. “आगं माय! माझी सासू बी होती त्या कामावर. लई सांगायची. गेली बिचारी.” तिनं दार उघडून फुप्पीला हात दिला. “उतरा की. रस्ता तुमचा, मका माझा. भाकर खाऊन जा.”

तिचं नाव मंदाबाई. बांधावर लिंबाखाली बसून आम्ही तिची बाजरीची भाकरी आणि हिरव्या मिरचीचा ठेचा खाल्ला, तिनं आमचं भरीत खाल्लं. ठेच्यानं माझ्या कानातून धूर निघाला. शहरात आम्ही तिखट खातो असं आम्हाला उगाच वाटतं.

“पण बाई, रस्त्यावर मका घालू नये,” फुप्पी पुन्हा मूळ मुद्द्यावर आली. “फटफटीवाला घसरून पडंल.”

“व्हय, खरं हाय,” मंदाबाई म्हणाली. “पण खळं करायला जागा कुठं राह्यली? ह्यो रस्ता झाला तवा आमचं खळंच गेलं त्यात. मंग रस्त्यालाच खळं म्हनायचं.”

फुप्पीनं हात धुतले, आणि मंदाबाईच्या हातातलं फडं घेऊन समोरच्या बाजूनं हातभर मका आत लोटला. “एवढं तरी सोड,” म्हणाली. मंदाबाईनं हसत हसत अजून हातभर लोटला.

खांडी

चढ सुरू झाला तेव्हा फुप्पी चष्मा सारखा करून कातळ बघू लागली. माझं लक्ष मात्र रस्त्यावर होतं. वर वळणावर उसाचे दोन डबे ओढणारा ट्रॅक्टर दिसत होता आणि तो हलत नव्हता.

जे टाळायचं होतं तेच समोर आलं. ऐन चढावर, एका बाजूला कापलेला कातळ, दुसऱ्या बाजूला उतार, आणि पुढं ट्रॅक्टरनं अडवलेली रांग. मी ब्रेकवर पाय रोवून बसून राहिले. आमच्या गाडीचा हँडब्रेक नावापुरता आहे. मागं अद्रकीची पोती भरलेला पिकअप अगदी जवळ येऊन थांबला.

पुढं दुसरा ट्रॅक्टर आला, साखळी लागली, डबे हलले, रांग सुटली. मी क्लच सोडला. गाडीनं गचका दिला आणि बंद पडली. पुन्हा चालू केली, ब्रेक सोडला, गाडी मागं घसरली. पिकअपवाल्यानं हॉर्न दाबला तो सोडलाच नाही. तिसऱ्या वेळी गाडी इतकी मागं गेली की पिकअपवाला ओरडत खाली उतरला.

माझ्या खिडकीशी येऊन बायका बघितल्यावर त्याचा आवाज मऊ झाला. “ताई, उतरा. मी चढवून देतो वरपर्यंत. दोन मिनिटांचं काम.”

मी दाराला हात घातला. खरं सांगते, मला रडू येत होतं, आणि तो देवासारखा भेटला असं वाटत होतं.

“नक्को,” फुप्पी म्हणाली. मला नव्हे, त्याला. “तू फक्त तुझी गाडी जरा मागं घे, बेटा.” मग माझ्याकडं वळली. “ब्रेक दाबून बस. मी सांगंस्तोवर सोडू नको.”

ती उतरली. कातळाच्या कडेला पडलेल्या दगडांतून तिनं एक निवडला. पहिला उचलला तो टाकून दिला, दुसरा घेतला, चांगला चौकोनी. तो मागच्या चाकाला लावून पायानं दाबला आणि गाडीच्या टपावर दोन थापा मारल्या. “सोड आता! गाडी कुठं जात नाय. घाई करू नको!”

मी ब्रेक सोडला. गाडी हलली नाही. आयुष्यात पहिल्यांदा मी चढावर होते आणि गाडी मागं जात नव्हती. मग माझं डोकं चालू लागलं. क्लच हळू सोडत गेले, इंजिनाचा आवाज जड झाला, बॉनेट किंचित वर आलं. तोच तो क्षण, जो शिकवणारा शंभरदा सांगायचा आणि मला कधी कळला नव्हता. मी अ‍ॅक्सिलरेटर दाबला. गाडी निघाली.

“थांबू नको!” मागून फुप्पीचा आवाज आला. “वरच थांब!”

आरशात बघितलं तर ती रस्त्याच्या मधे उभी राहून पिकअपला हातानं अडवत होती. मग वाकून तिनं तो दगड उचलला, कडेला नेऊन ठेवला, आणि मगच त्याला पुढं येऊ दिलं. दुसरं वळण, तिसरं वळण, दोन्ही बाजूंना कातळ, आणि एकाएकी समोर नुसतं आभाळ. मी खांडीत पोचले होते. गाडी सपाटीला कडेला लावली आणि स्टिअरिंगवर डोकं टेकवून मोठ्यानं हसले. पिकअपवाला जाताना थांबला. “आजींना म्हटलं, बसा, सोडतो. नाही म्हणतात. चालत येतायत.”

मी परत खाली धावले. फुप्पी कातळाला हात लावत, सावकाश, एक एक पाऊल टाकत येत होती. एका जागी ती थांबली होती. कातळात बोटभर रुंद, उभ्या, सरळ खोबणी दिसत होत्या, एकीशेजारी एक. सुरुंगाच्या भोकांचे अर्धे भाग. बाकीचा अर्धा डोंगर दुष्काळातच फुटून गेला होता.

चष्मा कपाळावर चढवून ती बघत होती. “दिसतंय मला,” म्हणाली. “रेहाना, सगळं दिसतंय.”

वर आल्यावर तिनं पहिल्यांदा पलीकडं बघितलं. खाली पिशोरचं शिवार पसरलेलं होतं. हिरवे आणि पिवळे तुकडे, पत्र्यांची चमक, आणि मधून उतरत गेलेला आमचा रस्ता. ती कितीतरी वेळ उभी होती. मग गाडीत बसली, पट्टा लावला.

“चल. आता मला गाडीनं पलीकडं उतरव.”

पिशोर

पिशोरला एका हॉटेलात चहा आणि गरम भजी घेतली. मालकानं न विचारताच फुप्पीनं त्याला सगळी हकिकत सांगितली. मालक पन्नाशीचा, शांत माणूस. तो आत गेला आणि त्याच्या आईला घेऊन आला. गिरिजाबाई. उंच, ताठ, काठी फक्त धरायला.

“कन्नडच्या अंगानं कामाला होतीस?” तिनं फुप्पीला विचारलं.

“हौ. तुमी?”

“आमी हिकडून. पिशोरच्या अंगानं चढत आलो. तुमच्या आदुगर वर पोचलो.”

फुप्पीनं कप खाली ठेवला. “कोण म्हनतं?”

“म्या म्हनते. आमी वर बसून सुकडी खात व्हतो तवा तुमी खाली पाट्याच भरत व्हता.”

“खोटं! तुमच्याकडं नुसता मुरूम व्हता. खोऱ्यानं वढला की आला. आमच्या अंगाला काळा दगड व्हता, काळा!”

हॉटेलातले लोक चहा प्यायचे थांबले. दोघी एकमेकींना कधी भेटलेल्या नव्हत्या. एकाच डोंगराला दोन बाजूंनी पोखरत होत्या आणि मधे दगड होता. गिरिजाबाईचा मुलगा माझ्याकडं बघून हसला. “मॅडम, आई गुडघ्यामुळं खांडीत किती वर्षांत गेली नाही. तुम्ही नेता का?”

मी विचार करायच्या आत दोघी गाडीत बसल्या होत्या.

पिशोरच्या बाजूनं खांडी पुन्हा चढले. वरच्या वळणावर समोरून बस आली आणि तिला वाट द्यायला मी थांबले. चढावर. मुद्दाम. मागं कुणी दगड लावायला नव्हतं. ब्रेक, क्लच, तो जड आवाज, बॉनेट वर आलं, आणि गाडी वर. मागच्या सीटवरच्या दोघींना काही घडल्याचं कळलंसुद्धा नाही. त्या अजून मुरूम आणि दगडावर होत्या.

खांडीत दोघींनी दोन्ही बाजूंचे कातळ तपासले. आधी कोण पोचलं, याचा निकाल लागेना. फुप्पी म्हणे हे आमच्या सुरुंगाचं भोक, गिरिजाबाई म्हणे हे तर आमचं. शेवटी गिरिजाबाईनं फुप्पीच्या दोन्ही हातांची बोटं हातात घेऊन बघितली. तिची स्वतःची शेजारी धरली. डाव्या हाताच्या अंगठ्याचं नख दोघींचंही वाकडं होतं.

“हातोडी,” गिरिजाबाई म्हणाली.

“हातोडी,” फुप्पी म्हणाली.

मग दोघीही जिंकून गाडीत बसल्या.

भराडी, सिल्लोड

गिरिजाबाईची लेक भराडीला दिलेली. खूप दिवसांत भेट नव्हती, म्हणून ती आमच्यासोबतच निघाली. पुढचा रस्ता सपाट, मक्याच्या शेतांमधला. दोघी मागं बसून पेरू खात एकमेकींना आपापली नातवंडं सांगत होत्या. भराडीला लेकीनं गाडीतून उतरणारी आई बघितली आणि हातातली घागर तशीच टाकून धावली. आम्हाला साडीचोळी घेतल्याशिवाय सोडेना. फुप्पीनं साडी घेतली आणि आपल्या खांद्यावरची शाल गिरिजाबाईच्या खांद्यावर घातली.

सिल्लोडजवळ हवेतच मिरची होती. लाल मिरच्यांनी भरलेल्या गाड्या उभ्या होत्या आणि आम्ही दोघी शिंकत शिंकत गावात शिरलो. चौकात पोचलो तिथं आमचा रस्ता मोठ्या रस्त्याला मिळाला. मी गाडी कडेला घेतली. ऊन अजून चांगलं होतं. साजिदचा फोन आला. त्याला म्हटलं, “खांडी चढलो. दोनदा.” तो म्हणाला, “अम्मी, शाब्बास.”

“रस्ता संपला?” फुप्पीनं विचारलं.

“संपला. आपण केला तो एवढाच. आता उजवीकडं फुलंब्री, मग घर.”

“आन डावीकडं?”

“डावीकडं अजिंठा. तिथंही घाट आहे. मोठा.”

“तो रस्ता कुणी केला?”

“काय माहीत, फुप्पी.”

तिनं चष्मा पुसला, पुन्हा लावला आणि डावीकडं नीट बघितलं. “असतील आपल्यासारख्याच कुणी बाया,” म्हणाली. “मंग चांगलाच असंल. चल.”

मी डावा इंडिकेटर दिला.